निळ्या दाण्यांचं काय करायचं

५ जानेवारी, सोमवार

कोठार परत भरलं. गहू पिकून उभा आहे आणि ठेवायला जागा नाही. कापायला बोट लावलं की फोनवर लाल अक्षरं येतात. जागा कुणी खाल्लीय? यांच्या निळ्या दाण्यांनी. फोन यांचा, फोनमधली शेती यांची, दाणे यांचे. राबणारी तेवढी मी. खऱ्या शेतातही तेच होतं.

मगदूमभाऊंचा निरोप आला, आवाजातला. पलूसला त्यांचं खतं-औषधांचं दुकान आहे आणि खेळात आम्ही सगळे ज्या गावात आहोत त्या गावाचे ते पाटील. हे असताना दोघांचं रोज बोलणं व्हायचं, यांना ते साहेब म्हणायचे.

"वैनी, शुक्कुरवारपास्नं मेळा लागतोय. पुढच्या आयतवारपतूर निळ्या दाण्याला तिप्पट भाव. मागनं कोन इचारत न्हाई. सायबांचं समदं काढून टाका. ज्या गावाची इक्री जास्त त्ये गाव पयलं. नुसतं ठिवून काय उगवतंय व्हय?"

ऐकून डोकं फिरलं. माझ्या कोठारात काय ठेवायचं ते पलूसच्या काउंटरवर बसून ठरणार. उत्तर दिलं नाही. निळ्या टिकल्या दोन पडल्या म्हणजे मी ऐकलंय हे त्यांना कळलं असेल. कळू दे.

६ जाने.

डायलिसिसचे दिवस आठवले. आठवले म्हणजे काय, गेलेच कुठं होते?

यांचा एक हात सुयांनी बांधलेला, दुसऱ्यात फोन धरवायचा नाही. मी स्टुलावर. फोन माझ्या हातात, बोट माझं, हुकूम यांचा. "गहू काप. म्हशीला घाल. आता विहिरीवर जा." फौजेतला आवाज. शेजारच्या पलंगावरचे हसायचे. पीक कापताना कधीतरी एखादा निळा दाणा उसळून वर यायचा. आठवड्यात एखादा, कधी तोही नाही. तेवढ्या वेळेला हे उठून बसायला बघायचे. सिस्टर ओरडायची.

"त्याला हात लावायचा नाही."

का, असं विचारलं की, "तुला नाही कळायचं."

बरं. नाही कळत. मग माझ्यावर टाकून कशाला गेलात?

७ जाने.

मी चौथी पास. पुढचं सगळं वाण्याच्या पुड्यांवर शिकले, मग वाचनालयात. खेळ इंग्रजीत आहे म्हणून डिक्शनरी घेऊन बसते. 'सेल' म्हणजे विकणे. 'कीप' म्हणजे ठेवणे. निळ्या दाण्याला खेळात 'सीड' म्हणतात, म्हणजे बी; त्यावर बोट दाबून धरलं की ही दोन येतात. आज नीट बघितलं तर त्यांच्या खाली बारीक अक्षरात तिसरा शब्द आहे. 'प्लांट'. पेरणे!

एवढे दिवस दिसला नाही. कसा दिसेल, हात लावायचा नव्हता ना.

आमच्या माहेरी, दुष्काळी माणात, पाऊस रुसला तर रुसला, पण बियाण्याची ज्वारी कुणी दळली नाही. आई राखेत घोळून मडक्यात भरायची आणि तोंड शेणानं लिंपायची. बी म्हणजे पेरायचं. पेरलं की वाढून परत येतं. विकायचं का ठेवायचं हा वादच कशाला मग?

८ जाने.

पेरले. सगळे नाही. सहा. ओढ्याकडेची पट्टी हे पडीक ठेवायचे, तिथं. दोन दिवसांत येईल, खेळ म्हणतोय.

कितीतरी दिवसांनी चहा घेताना गाणं लावलं.

१० जाने., शनिवार

फुलं आली. सहा निळी फुलं. बी नाही.

पुन्हा बघितलं. कोठार बघितलं, टोपली बघितली. एकही दाणा परत नाही. फुलांना भाव कोथिंबिरीचा.

मगदूमभाऊंना फोन लावला. (पुढं नुसतं म. लिहिते, एवढं नाव लिहायला हात दुखतो.)

"प्येरलासा?" म. म्हणाले. "निळा दाना प्येरलासा?" आणि हसले. दुकानात गिऱ्हाईक होतं, तेही हसलं, ऐकू आलं मला. "आवं वैनी, त्ये बी न्हवं. नाव बियाचं, काम नान्याचं."

"मग बी का म्हणतात त्याला?"

"त्ये कंपनीला इचारा."

"शेतीचा खेळ ना हा? पेरलेलं परत येत नाही अशी कसली शेती?"

"आता खऱ्या रानात तरी कुटं येतंय? दर साली नवी पिशवी. माजं दुकान कशावर चालतंय मग?"

याचा जास्त राग आला. फोन आपटला. म्हणजे अलगद ठेवला. यांचा फोन आहे.

ज्यानं हा खेळ केला त्याच्या घरात सात पिढ्यांत कणगी नसणार. असती तर पेरणाऱ्याला शिक्षा ठेवली नसती.

११ जाने.

सहा गेले. अठ्ठेचाळीस होते, बेचाळीस राहिले. यांनी पडल्या पडल्या जमवलेले. मी दोन दिवसांत सहा उडवले. फोटोकडं बघितलं नाही आज. बघितलं असतं तर म्हणाले असते, तुला सांगितलं होतं.

सांगितलं नव्हतं. हात लावू नको म्हणणं म्हणजे सांगणं नव्हे.

वन्संचा फोन. यांची थोरली बहीण, पलूसला दिलेली. "संक्रांतीला ये गं शालन. हुरडा हाय, उसाचं कांडं हाय. भाव गेला म्हनून नंदेचं दार बंद झालं न्हाई." जाते. घरात बसून तरी काय.

१३ जाने.

पलूस. एसटी कराडच्या पुढं उसाच्या ट्रॅक्टरमागं रांगत होती. उसाची कांडी ओढून घेणाऱ्या पोरांवर कंडक्टर ओरडत होता, आणि स्वतः एक कांडं धरून खात होता.

वन्संनी दारातच भाकरतुकडा ओवाळला. गुडघे गेलेत त्यांचे, तरी भोगीची भाजी त्यांनीच केलेली. तीळ लावलेली भाकरी, वर लोणी. माझं ताट पहिलं वाढलं. "खा. हाडं निगाली तुजी." जेवून झाल्यावर शेजारी पडून आपला फोन दाखवला. त्यांचंही त्या खेळात शेत आहे, भावानंच मांडून दिलेलं. कोंबड्या लय झाल्यात. प्रत्येकीला नाव. एका कोंबडीला माझं नाव आहे. म्हणे सारखी रुसून बसते.

हसले मी. हे लिहून ठेवते, कारण उद्या काय होईल सांगता येत नाही.

१४ जाने., संक्रांत

झालं ते.

दुपारी अंगणात सतरंज्या पडल्या. हळदीकुंकू. स्टीलच्या वाट्या वाण म्हणून आणलेल्या, मीच सकाळी पुसून रचून ठेवल्या होत्या. वन्सं जवळ आल्या, खांद्यावर हात ठेवला. हातानं प्रेम आणि तोंडानं ते.

"तू जरा आतल्या खोलीत बस हं. बायका येनार."

"मी काय करते त्यांना?"

"करत न्हाईस गं. मला काय वाटत न्हाई. पन लोक हाईत."

आत बसले. खाटेवर. बाहेर बांगड्या, हसणं, उखाणे. मी गहू कापला, म्हशीला घातलं, विहिरीवर गेले.

रूपाली आली, वन्संची सून. एका हातात तिळगूळ, एका हातात वाटी. "मामी, घ्या." मी हात पुढं केला. तेवढ्यात बाहेरनं वन्संचा आवाज, "रूपे, कुनाला देतीस गं त्ये?" पोर दारात थांबली. तोंड एवढंसं झालं. तिळगूळ माझ्या हातावर ठेवला आणि वाटी घेऊन गेली.

तिळगूळ चालतो. वाटी चालत नाही. हा हिशोब कुणी बसवला?

तिळगूळ खाल्ला नाही. पिशवीत आहे, मुंग्या लागतील. लागू देत.

दिवेलागणीला वन्सं शेजारी येऊन बसल्या. मला वाटलं दुपारचं काही बोलतील.

"त्ये निळं दानं मला पाठीव."

"काय?"

"माज्या भावाचं हाय. बहिनीचा काय हक्क न्हाई व्हय? तू येक तर कोंडून ठिवशील, न्हाई तर पुन्यांदा पेरून बसशील." म.नी सांगितलेलं दिसतंय. पलूसभर झालं असेल. "मी मेळ्यात घालते. गाव पयलं आलं की भावाचं नाव हुईल."

मी शांतपणे बोलणार होते. नाही जमलं.

"वन्सं, दुपारी मी आत बसले ते त्यांचीच बायको म्हणून ना? त्यांच्यामागं आलेलं नको ते सगळं माझ्या वाट्याला, आणि हवं ते तुमच्या? घ्यायचं तर सगळं घ्या. आतल्या खोलीसकट घ्या."

रूपाली चुलीपाशी, हात तसाच हवेत. वन्सं लालबुंद झाल्या. मग एकदम रडायला लागल्या. "तुजा न्हवरा गेला, माजा पाठचा भाव गेला. त्ये कुनी इचारलं का मला?"

ते खरं आहे. कुणी विचारलं नाही. मीही नाही.

खरं आहे म्हणूनच जास्त राग आला. धड भांडूही देत नाहीत.

१५ जाने.

निघाले. वन्सं खाटेवर, भिंतीकडं तोंड करून. मी पाया पडले. पाय आखडून घेतले नाहीत, तेवढंच.

गाडीला वेळ होता. म.च्या दुकानात गेले. तोंडावर सांगायचं होतं की माझी गोष्ट गावभर करू नका. चार शब्द पाठ करून गेले होते. म. गल्ल्यावरून उठून उभे राहिले, स्टूल फडक्यानं पुसलं, चहा सांगितला. पातळ, पांढरे केस, टोपी. मी मनात धरला होता तो माणूस फार लठ्ठ होता.

"चुकलं माजं," मी तोंड उघडायच्या आधीच म्हणाले. "हसाय नगं हुतं."

मग पाठ केलेले चार शब्द गेले कुठंतरी. मी विचारलं, हे दाणे कशासाठी साठवत होते ते तुम्हाला ठाऊक आहे का.

"म्हंजी? तुमास्नी ठावं न्हाई?"

सांगितलं त्यांनी. खेळात ओढ्यावर पूल आहे. पलीकडं धुकं. पुलाला फाटक, फाटकाला कुलूप. चाळीस निळे दाणे दिले की कुलूप निघतं आणि पलीकडची जमीन मिळते. ती शेवटची. तिच्या पुढं खेळात काही नाही.

"सायबांकडं चाळीस कवाच झालं हुतं. मी म्हनायचा, सायेब, उगडा की. तर म्हनायचे, मगदूम, घाई नको. पल्याड जाऊन मग काय करू? आठवड्यात तीन दिस चार-चार तास पडून असतो. ह्ये संपलं तर त्या मशिनीकडं बघत बसू व्हय? एकडाव म्हनले..." म. युरियाच्या पोत्यावरची धूळ हातानं झाडायला लागले. "म्हनले, शिल्लक काम असलं की मानूस सुटत न्हाई."

"असं तुम्हाला म्हणाले?"

"लय येळा."

चहा तसाच राहिला. मी विचारलं, एवढं ठाऊक असून तुम्ही मला विकायला कसं सांगता?

म. म्हणाले, "सायेब गेलं वैनी. गाव हाय अजून. मानसं राबल्यात मेळ्यासाटी. माजी मिसेस सकाळी पूजा झाली की आदी शेत बगती. मी त्येंच्याकडनं बोलाय नगं व्हय?"

चूक नाही बोलले. कुणीच चूक बोलत नाही आणि सगळे मिळून माझा जीव खातात.

१६ जाने., सातारा

तुम्हाला लिहिते आज.

मी तिथंच होते. त्याच स्टुलावर. बोट माझं होतं. तुम्हाला भीती वाटत होती हे खतवाल्याला ठाऊक आणि मला नाही. मला काय, "तुला नाही कळायचं." काय कळलं नसतं मला? मरायची भीती? मीच तर रोज तुमचे पाय चेपताना सूज कालच्यापेक्षा वाढली का बघत होते. मीही कुणाला बोलले नाही. दोघं एकाच खोलीत, चार-चार तास, आणि बोलायचो म्हशीबद्दल.

ठेवायची सवय तुमची. पहिल्या पोस्टिंगपासून सांगत आलात, रिटायर झालो की तुला बर्फ दाखवतो. रिटायर झाल्यावर, घराचं होऊ दे. घराचं झाल्यावर, गुडघा बरा होऊ दे. वाचनालयातून हिमालयावरची पुस्तकं आणून वाचली मी, सगळे घाट तोंडपाठ. बर्फ फ्रिजमधला.

शेवटची जमीन उघडली नाहीत, बरं. म्हणून थांबलं का काही?

सांगितलं असतं तर मीसुद्धा हात लावला नसता. शप्पत. पण कारण ठाऊक असून.

१७ जाने.

राग उतरला नाही, पण विचार करता येतोय. मांडून बघते.

विकले तर कोठार दुप्पट होईल, ओढ्याकडेच्या पट्टीसाठी रोपं घेता येतील. मला तिथं फुलं लावायची आहेत. झेंडू, निशिगंध. हे म्हणायचे फुलं खाता येत नाहीत. म.चं गाव वर येईल. वन्संच्या भावाचं नाव होईल म्हणे.

ठेवले तर सगळं यांनी ठेवलं तसं. मी राखण करणारी. कोठार भरलेलं, गहू उभा. त्यांना सुटायचं नव्हतं म्हणून मीही अडकून बसायचं.

उघडली तर चाळीस गेले, दोन उरले. धुकं जाईल. मग संपलं. यांचं जे शिल्लक काम आहे ते माझ्या हातानं संपेल. तिसरं सगळ्यात नको वाटतं. आणि तेच बघायची इच्छाही होते. असं कसं?

म.चे दोन निरोप. ऐकले नाहीत.

१८ जाने., रविवार

मेळ्याचा शेवटचा दिवस.

सकाळी रूपालीचा फोन, हळू आवाजात. "मामी, तुमची वाटी मी बाजूला ठेवलीया. आत्याबाईंना ठावं न्हाई."

"ठेवलीयस कशाला? द्यायची तर सगळ्यांसमोर द्यायची होतीस. नाहीतर तूच भाजी खा तिच्यात."

बिचारीनं फोन ठेवला. तिच्यावर काढायला नको होतं. पण माझ्यासाठी कुणी काही ठेवलंय हे ऐकलं की आता अंगाला आग लागते. सगळे ठेवतात. देत कुणी नाही.

पाचच्या सुमारास विकायचं ठरवलं. अगदी ठरवलं. दाण्यांवर बोट धरलं, 'सेल' आलं, आकडा बेचाळीसवर नेला. यंत्रानं नाणी किती होतील ते दाखवलं. एवढी नाणी यांनी कधी बघितली नसतील. तेवढ्यात वर म.चा निरोप चमकला, "वैनी इका आता, शेवटचा तास."

बोट उचललं. त्यांनी लिहिलं नसतं तर विकले असते, असं वाटतंय. खात्री नाही.

सहाला मेळा उठला. दाणे आहेत तिथंच. ठेवले असं म्हणणार नाही. विकले नाहीत, एवढंच.

१९ जाने.

गाव पाचवं आलं. म. खेळातल्या पारावर सगळ्यांसमोर लिहितात, काहींनी मनावर घेतलं नाही. काहींनी म्हणजे मी. मग मला वेगळा निरोप, आवाज कडक. "वैनी, गावात ऱ्हायचं तर गावाचं आयकाय पायजे."

मी पहिल्यांदाच आवाजातला निरोप पाठवला. तीन वेळा बोलून पुसला, चौथ्यांदा गेला. "भाऊ, गाव त्यांनी धरलं होतं, मला कुणी विचारून घेतलं नाही. काढायचं तर काढा. पण मी अजून ठरवलेलं नाही, आणि ठरवलं की पहिलं तुम्हाला सांगणार नाही."

काढलं नाही अजून. अर्ध्या तासानं त्यांच्या मिसेसनी माझ्या म्हशीला पेंड पाठवली. न बोलता. त्या बाईला मी कधी बघितलेलं नाही.

वन्संच्या कोंबड्यांना आज कुणी दाणा टाकलेला नाही. उपाशी असल्या की डोक्यावर ढग दाखवतात. माझ्या नावाचीही असेल त्यात. टाकला नाही मी. त्यांनी फोन करावा.

२० जाने., मंगळवार

आज पुलावर गेले. खेळात. हे असताना पुलाकडं बोट नेलं तरी ओरडायचे.

फाटक लाकडी, साधं. आमच्या माणातल्या मेंढरांच्या वाड्याला असतं तसं. पलीकडं धुकं. बोट लावलं, तर पाटी आली. डिक्शनरी लागली नाही. चाळीस दाणे द्यायचे आणि जमीन उघडायची का? खाली हो, शेजारी नाही. दोन्ही सारख्याच मापाची.

बघत राहिले. इतके दिवस सगळ्यांनी मला सांगितलं. हात लावू नको. विका. मला पाठीव. गावाचं ऐका. आत बस. विचारलं कुणी नव्हतं.

'नाही' दाबलं. पाटी गेली.

पुन्हा बोट लावलं. पुन्हा विचारलं. तेच, तसंच, न रागावता. पुन्हा 'नाही'.

भाजी निवडताना आणखी एकदा. कपडे वाळत घालून आल्यावर आणखी. प्रत्येक वेळी थांबतं, माझ्या तोंडाकडं बघत असल्यासारखं. मी घाई करत नाही. त्याला काय सांगायचं ते मला अजून ठाऊक नाही, आणि आज दिवसभर त्याचा राग आला नाही.

आता जेवून घेते. मग परत विचारायला लावीन.